घोडामैदान जवळ आलं

‘घोडामैदान जवळच आहे’ असे आपण उठता-बसता म्हणतो. दहावीची परीक्षा असो, निवडणूक असो, नाहीतर नव्या सुनेचा पहिला सण असो, बोलायला काय जाते! पण खरोखरीचा घोडा आणि खरोखरीचे मैदान समोर आले की पोटात काय होते, हे मला वयाच्या चौपन्नाव्या वर्षी कळले. तेही स्वतः घोड्यावर न बसता, नुसते कुंपणाशी उभे राहून.

माझा धाकटा भाऊ नोकरीमुळे बेंगळूरलाच स्थायिक झाला. वहिनी शिमोग्याची. घरात बाबा मराठीत बोलतात, अम्मा कन्नडमध्ये बोलते आणि त्यांची तेरा वर्षांची लेक एकच वाक्य दोघांत वाटून टाकते. आपल्या सीमाभागातल्या घरांना यात काही नवल नाही. नवल आहे ते तिच्या छंदाचे. ही पोरगी तीन वर्षांपासून घोडेस्वारी शिकते. आमच्या सात पिढ्यांत घोड्यावर बसले ते फक्त नवरदेव, आणि तेही कुणीतरी लगाम धरलेला असताना.

गेल्या वर्षी तिची पहिली स्पर्धा झाली. घोड्याने उडी मारून पार करायचे आडवे दांडे मांडलेले असतात, तसली. दुसऱ्याच अडथळ्यापाशी घोडा अचानक थांबला, ही मात्र थांबली नाही. मानेवरून पुढे गेली आणि मातीत पडली. हाड मोडले नाही, पण नियम असा की स्वार पडला की त्याची फेरी तिथेच संपली. त्यानंतर सरावाला जायची ती आनंदाने, पण ‘स्पर्धा’ हा शब्द कुणी काढला की जेवण बंद. यंदा डिसेंबरात पुन्हा स्पर्धा आली, तेव्हा तिचा मला फोन आला. म्हणाली, "आत्या, तू ये. तू आलीस तर मी कदाचित पडणार नाही."

तो ‘कदाचित’ मला रात्रभर टोचत राहिला. सकाळी मी शाळेत रजेचा अर्ज दिला. आई म्हणाली, "मी पण येणार." वय एक्याऐंशी, गुडघे कुरकुरणारे, पण नातीचे घोड्यावर बसणे एकदा डोळ्यांनी बघायचेच होते तिला.

बेळगाव ते बेंगळूर म्हणजे पाचशे किलोमीटरचा पल्ला. आम्ही पहाटे पाचला गाडीने निघालो. कित्तूर मागे पडले तेव्हा अजून अंधार होता, धारवाडला चहा झाला आणि हुबळीचा वळणरस्ता धरला तेव्हा ऊन अंगावर आले. हावेरी गेल्यावर राणेबेन्नूरच्या अलीकडे आईने गाडीतूनच हात जोडले. त्या तालुक्यात देवरगुड्डला मालतेशाचे देऊळ आहे, म्हणजे आपला खंडोबाच. घोड्यावर बसलेला देव. ‘येळकोट येळकोट’ म्हणतो त्यातले येळकोट म्हणजे कन्नडचे ‘एळु कोटि’, सात कोटी, हे मला आईनेच लहानपणी सांगितले होते. "घोडेवाल्या देवाला सांगून ठेवलं," ती म्हणाली. मग दावणगेरेला बेण्णे दोसा खाताना तिने तिसरा मागवला, तेव्हा तिची काळजी मिटली असावी असे मला वाटले. माझी काही मिटली नव्हती. चित्रदुर्गाच्या टेकड्यांवर फिरणाऱ्या पवनचक्क्या बघत मी एकच विचार करत होते, की उद्या त्या पोरीला आपण नेमके काय सांगायचे? ‘घाबरू नको’ हे सांगून आजवर कुणाची भीती गेली आहे? मला स्वतःला शाळेत असताना वक्तृत्व स्पर्धेत ‘घाबरू नको’ असे तीन बाईंनी सांगितले होते. मी स्टेजवर गेले, ‘अध्यक्ष महाशय’ म्हटले आणि परत खाली आले. भाषण अजून तिथेच आहे.

मैदान होते बेंगळूरच्या उत्तरेला, देवनहळ्ळीच्या वाटेवर. एके काळी या बाजूला द्राक्षांचे मळेच मळे होते, अजूनही मधूनच एखादा दिसतो. आता इकडे विमानतळ आहे, आणि डोक्यावरून सारखी विमाने उतरत असतात. मला वाटले, घोडे बुजत असतील. ते विमानाकडे ढुंकूनही बघत नव्हते. पण कुंपणाला अडकलेली एक प्लॅस्टिकची पिशवी वाऱ्याने फडफडली आणि एक भला थोरला काळा घोडा चार पायांवर बाजूला उडाला. घोड्याला कशाची भीती वाटेल हे त्याचे त्याने ठरवायचे, आपण नाही. माणसांचेही तसेच असते म्हणा.

संध्याकाळी आम्ही पागेत गेलो. खोगीर, रिकीब, खरारा, चंदी, तोबरा, मोतद्दार हे शब्द मी आजवर फक्त ऐतिहासिक कादंबऱ्यांत वाचलेले. इथे ते चक्क भिंतीवरच्या खुंट्यांना टांगलेले, हातात धरायला मिळाले. ओल्या गवताचा, लिदीचा, चामड्याला लावलेल्या तेलाचा वास. भाचीचा घोडा तपकिरी, सोळा वर्षांचा, म्हणजे घोड्यांच्या हिशेबात पोक्त. तो आईला हुंगून शांतपणे आपल्या गवताकडे वळला. आईला तो लगेच आवडला.

तिचे शिक्षक मूळचे सातारकडचे, लष्करातून निवृत्त झालेले रिसालदार. नोकरी ६१ कॅव्हलरीत झाली. जयपूरला असणारी ही पलटण जगात अजूनही घोड्यांवर असलेल्या मोजक्या पलटणींपैकी एक आहे, आणि तिच्यात राजपूत आणि कायमखानी यांच्या जोडीला मराठे भरती होतात, हे मला ठाऊक नव्हते. १९५३ साली ती ग्वाल्हेरला उभी राहिली, जुन्या संस्थानांच्या घोडदळांतून. त्यांत आपल्या म्हैसूर लान्सर्सचाही वाटा होता. पहिल्या महायुद्धात, १९१८ च्या सप्टेंबरात, हैफा शहरावर चालून गेलेल्या घोडदळात म्हैसूरचे हेच स्वार होते. बेंगळूरच्या जे. सी. नगरात त्यांचे स्मारक आहे. इतक्या वेळा त्या बाजूने गेले, पण कधी थांबून बघितले नव्हते.

मी रिसालदारसाहेबांना सरळ विचारले, "भीती घालवायची कशी हो?"

ते हसले. "घालवायची कशाला बाई? ती जाग ठेवते. भीती नसलेला स्वार मी बघितलाय, तो दवाखान्यात असतो. भीती राहू दे. फक्त ती हातात आणि पायात उतरता कामा नये."

याचा अर्थ दुसऱ्या दिवशी समजला. इतर खेळांत आपण घाबरलो तर आपलेच नुकसान होते. कॅरमची सोंगटी चुकते, क्रिकेटची बॅट उशिरा फिरते. पण सोंगटी काही घाबरत नाही. इथे खाली पाचशे किलोचा एक जीव असतो, आणि तो कळपात राहणारा, शिकार होऊ नये म्हणून पळणारा प्राणी आहे. शेजारचा दचकला की आपणही दचकायचे, कारण विचारायला थांबायचे नाही, हे त्याच्या रक्तातच आहे. स्वार त्याच्या दृष्टीने कळपातलाच एक. स्वाराचा श्वास अडकला की पाठ ताठ होते, पाठ ताठ झाली की मांड वर उचलली जाते, गुडघे आवळले जातात, हात लगाम ओढतात. घोड्याला पाठीवरून कळते की वरच्याला काहीतरी दिसले आहे. मग तोही ते शोधायला लागतो. स्वार घाबरलेला असतो अडथळ्याला, आणि घोडा घाबरलेला असतो स्वाराला.

भावाने मला नंतर एका प्रयोगाविषयी वाचायला दिले. स्वीडनमध्ये झालेला हा प्रयोग २००९ साली प्रसिद्ध झाला. काही माणसांना घोडा घेऊन एका ठरावीक रस्त्याने चार वेळा जायला सांगितले. चौथ्या खेपेच्या आधी त्यांना सांगितले की आता तुम्ही जवळून जाताना एक छत्री फटकन उघडली जाईल. प्रत्यक्षात छत्री उघडलीच नाही. पण त्या खेपेला माणसाच्या काळजाचे ठोके वाढले, आणि घोड्याचेही वाढले. घोड्याला कुणी छत्रीचे सांगितले नव्हते! एरवी उभ्या घोड्याचे ठोके मिनिटाला 30 ते 40 च्या आसपास असतात, म्हणजे आपल्यापेक्षा तो किती तरी निवांत. तो निवांतपणा आपणच मोडतो.

टोकियोची ती गोष्ट कित्येकांनी टीव्हीवर बघितली असेल. २०२१ च्या ऑगस्टमध्ये झालेल्या ऑलिंपिकमध्ये मॉडर्न पेंटॅथलॉन नावाच्या खेळात जर्मनीची आनिका श्लोय पहिल्या क्रमांकावर होती. त्या खेळात पोहणे, तलवारबाजी, धावणे, नेमबाजी यांच्या जोडीला घोडेस्वारी असायची, आणि घोडा स्वतःचा नसायचा. चिठ्ठी टाकून मिळायचा, ओळख करून घ्यायला वीस मिनिटे. तिच्या वाट्याला सेंट बॉय नावाचा घोडा आला. तो तिच्या आधीच्या स्वाराबरोबरही अडला होता. तो हलेना, ही घोड्यावर बसूनच रडायला लागली. ती जितकी रडली तितका तो बिथरला. घोडेस्वारीत तिला शून्य गुण मिळाले आणि ती एकतिसाव्या क्रमांकावर घसरली. तिच्या प्रशिक्षक बाईंनी कुंपणापलीकडून घोड्याला गुद्दा मारला म्हणून त्यांना स्पर्धेबाहेर काढले. पुढे २०२४ च्या पॅरिस ऑलिंपिकनंतर या खेळातून घोडेस्वारी काढूनच टाकायची, असे ठरले. भाचीने हे दृश्य भ्रमणध्वनीवर इतक्या वेळा बघितले होते की शेवटी वहिनीने ते पुसून टाकले. तिला त्यात त्या बाईंचा पराभव दिसत नव्हता, स्वतःचाच दिसत होता.

त्याच्या उलट रिसालदारसाहेब मुलांना फवाद मिर्झाची गोष्ट सांगतात. हा बेंगळूरचाच मुलगा. २०१८ च्या जकार्ता आशियाई खेळांत त्याने ‘इव्हेंटिंग’मध्ये वैयक्तिक रौप्यपदक मिळवले. घोडेस्वारीत भारताला वैयक्तिक पदक मिळाले ते १९८२ नंतर पहिल्यांदाच. पुढे टोकियोतही तो अंतिम फेरीपर्यंत गेला आणि तेविसावा आला. मुलांना हा तेविसावा क्रमांक सांगायला साहेब विसरत नाहीत. "तेविसावा आला तरी त्याचं नाव घेतात की नाही? मग तुम्ही कशाला पहिल्या नंबरचा घोर लावून घेता?" इंदूरची सुदीप्ती हजेला तर भाचीच्या खोलीत भिंतीवरच आहे. २०२३ मध्ये हांगझोला ड्रेसाजच्या सांघिक सुवर्णपदकाच्या चार स्वारांत ती होती. घोडेस्वारीत बाई-पुरुष एकाच स्पर्धेत उतरतात, वेगळे गट नसतात, हे ऐकून आई म्हणाली, "चला, एक तरी खेळ शहाणा निघाला."

स्पर्धेच्या दिवशी सकाळी साडेपाचला भाची बाथरूममध्ये उलट्या करत होती. वहिनी दाराशी, भाऊ हॉलमध्ये येरझारा घालतोय, आई देवापाशी. "मी नाही जात," आतून आवाज आला. भाऊ म्हणाला, "इतके पैसे भरले..." आणि वहिनीने त्याच्याकडे असे बघितले की पुढचे वाक्य त्याने गिळले. मी काय सांगणार होते? म्हटले, "नको जाऊस. पण घोड्याला चारा कोण घालणार? त्याला तर माहीत नाही स्पर्धा आहे ते." पाच मिनिटांनी ती बाहेर आली. अर्धे केळे आणि चार घोट पेज, एवढेच पोटात गेले. साहेबांचा नियम असा की उपाशी पोटी घोड्यावर बसायचे नाही, हात जास्तच थरथरतात.

आणखी एक नियम मला फार आवडला. आई-बापांनी सरावाच्या मैदानाशी यायचे नाही. लांब झाडाखाली खुर्च्या मांडलेल्या, तिथे बसायचे. "मुलांची भीती मी बघतो," साहेब म्हणाले, "आई-बापांची बघायला माझ्याकडे माणूस नाही." आत्याला मात्र सवलत मिळाली, कारण नियमात आत्या लिहिलेली नव्हती.

सातला सगळे स्वार पायी मैदानात शिरले. घोडे नाहीत, नुसती माणसे. या वेळी अडथळ्यांचा रस्ता चालून पाठ करायचा असतो. कागदावर नकाशा लावलेला असतो, पण पायाने मोजले पाहिजे. माणसाची चार लांब पावले म्हणजे घोड्याची चौखूर चालीतली एक झेप. दोन अडथळ्यांमध्ये चोवीस पावले भरली तर उडी मारून उतरायची दोन आणि पुढची उडी घ्यायची दोन, अशी चार वजा करायची. उरली वीस, म्हणजे पाच झेपा. मी गणिताची शिक्षिका, मला हे फारच पटले. भाची मोजत होती आणि मी तिच्या मागे मोजत होते. चौथ्या आणि पाचव्या अडथळ्यात तिचे चोवीस आले, माझे सव्वीस. "आत्या, तुझी पावलं छोटी आहेत," असे म्हणून ती त्या दिवशी पहिल्यांदा हसली. प्रत्येक अडथळ्याला उजवीकडे लाल आणि डावीकडे पांढरे निशाण असते, म्हणजे उलट्या बाजूने उडी मारायला नको. ती प्रत्येक निशाणाला हात लावत गेली. असे हात लावणे नियमात कुठे नाही, तिचे स्वतःचे आहे. साहेब म्हणाले, "लावू दे. हाताला काम असलं की डोकं गप्प बसतं."

गेल्या वर्षभरात तिच्यासाठी त्यांनी केले ते एवढेच. मोठे काहीच नाही. अंगरखा, टोपी, हातमोजे रोज त्याच क्रमाने चढवायचे, सरावालाही आणि स्पर्धेलाही, म्हणजे स्पर्धेचा दिवस अंगाला अनोळखी वाटत नाही. सरावाच्या वेळी मुद्दाम घंटा वाजवायची, मुद्दाम टाळ्या वाजवायला माणसे उभी करायची. आणि ‘मला जिंकायचंय’ असे ठरवायचे नाही. जिंकणे आपल्या हातात नसते, पलीकडच्या पोरीचा घोडा जास्त पळाला तर आपण काय करणार? त्यापेक्षा असे काही ठरवायचे जे आपल्या एकट्याच्या हातात आहे. भाचीने ठरवलेले होते, ‘प्रत्येक उडीच्या आधी श्वास सोडायचा.’ बस्स.

हा श्वास सोडण्याचा मंत्र तिला दिला तो मोतद्दाराने. कोलारकडचा माणूस, पन्नाशीचा, बोलणे जवळजवळ नाहीच. सगळे तिला सांगायचे, ‘दीर्घ श्वास घे.’ ती घ्यायची, आणि घेऊन तसाच धरून ठेवायची, छाती फुगवून. त्यावर हा एकदा घोड्याला खरारा करता करता म्हणाला, "उसिरु तगोबेड पुट्टी, बिडु." श्वास घेऊ नको बाळ, सोड. घेणे आपोआप होते, सोडणे विसरते. मग त्याने युक्ती दाखवली. अडथळ्याकडे जाताना झेपा मोठ्याने मोजायच्या. बोलताना माणसाला श्वास रोखून धरता येत नाही. काही मुले गाणे म्हणतात, एक मुलगा तर पाढे म्हणतो. भाची मोजते ती कन्नडमध्ये. तिचे म्हणणे, "मराठीत ‘एक’ म्हटलं की तोंड मिटतं आत्या, ‘ओंदु’ म्हटलं की श्वास बाहेर जातो." यावरून घरात एक जोरदार वाद होऊन गेला आहे. भावाचे मत असे की ‘दोन’ला हा आक्षेप लागू नाही. वहिनीने तो वाद केव्हाच जिंकलेला आहे.

तिचा क्रमांक अकरावा होता. दहावा स्वार बाहेर आला आणि ती आत गेली. एवढ्याशा त्या मैदानात ती मला एकदम लांब वाटायला लागली, रेल्वेच्या खिडकीतून दिसणाऱ्या माणसासारखी. पंचांना नमस्कार झाला. घंटा वाजली. घंटेनंतर पंचेचाळीस सेकंदांत सुरुवात करावी लागते. बहुतेक मुलांनी लगेच घोडा पळवला होता. ही चालत राहिली. एक अख्खे वर्तुळ तिने चालीने मारले. मागे झाडाखाली भाऊ उभा राहिल्याचे मला न बघता कळले. मग दुडकी, मग चौखूर, आणि पहिला अडथळा कधी मागे पडला ते समजलेच नाही. दुसरा. गेल्या वर्षी पडली तो दुसराच. माझे डोळे मिटलेले होते. टापांचा ताल तुटला नाही म्हणून उघडले. तिसरा, चौथा. चौथ्यानंतर चोवीस पावले, पाच झेपा, हे मला पाठ झालेले. मी पण मोजायला लागले. आणि तिसऱ्या झेपेला मला दिसले की तिचे ओठ हलत नाहीत.

घोडा पाचव्यासमोर येऊन थांबला. दांड्याच्या अगदी पुढ्यात, छाती लावून. ती पुढे सरकली, एक हात त्याच्या मानेवर आला. क्षणभर ती तशीच राहिली, अर्धी खोगिरात आणि अर्धी हवेत. मग मागे बसली.

एकदा अडला की चार गुण दंड. दुसऱ्यांदा अडला की बाद. हे तिला माहीत होते, मला माहीत होते, आणि मागे बसलेल्या आईलाही आता माहीत झाले होते, कारण कुणीतरी तिला समजावून सांगत होते. मैदानात सगळे चिडीचूप. साहेब काही बोलू शकत नाहीत, बाहेरून सूचना द्यायची नसते. मोतद्दार कुंपणाला टेकून उभा होता. त्याने फक्त आपला श्वास सोडला, मोठ्याने, घोडा फुरफुरतो तसा.

तिने ऐकले की नाही, मी तिला अजून विचारलेले नाही. तिने घोडा वळवला, लगाम सैल केला. तो एवढा सैल केला की त्याने मान खाली घालून एकदा अंग झाडले. मग तिने लांब वळसा घेतला. वळसा घेता घेता मला तिचा आवाज ऐकू आला. मोजणे नव्हते ते. ती घोड्याशी बोलत होती. वाक्यात अर्धे मराठी, अर्धे कन्नड, घरी बोलते तसेच. आणि शेवटच्या चार झेपांना, साऱ्या मैदानाला ऐकू जाईल असे, "ओंदु, एरडु, मूरु, नाल्कु!"

पाचवा गेला. सहाव्याला मागच्या पायाने दांडा हलला, खळखळला, पण पडला नाही. सातवा, आठवा, आणि संपले.

चार गुण अडण्याचे, आणि वेळ जास्त लागला त्याचे वेगळे. एकूण चौदा स्वारांत ती नववी आली. पदक तीनच जणांना. बाहेर येऊन ती घोड्यावरून उतरली तेव्हा पाय इतके लटपटत होते की मोतद्दाराने तिला दंडाला धरून उभे केले. तिने आधी घोड्याचा पट्टा सैल केला, मग त्याच्या मानेला मिठी मारली, आणि मग कुठे आमच्याकडे बघितले. भाऊ काहीतरी विचारणार होता. वहिनीने त्याचा हात दाबला.

"पाचव्याला मी मोजायचं विसरले," ती म्हणाली. "घोड्याची चूक नव्हती." एवढे बोलून ती त्याला थंड करायला फिरवत घेऊन गेली. अर्धा तास फिरवावे लागते, अंगातला घाम वाळेपर्यंत.

दुपारी बक्षिसांचा कार्यक्रम झाला, भाषणे झाली, त्याविषयी सांगण्यासारखे काही नाही. पहिली आलेली मुलगी सकाळी सरावाच्या मैदानामागे एकटीच रडत होती, हे मी बघितले होते. तेही कुणाला सांगितले नाही. तेवढे आत्यालोकांना राखता येते.

संध्याकाळी आम्ही पुन्हा पागेत गेलो. निघताना बेळगावहून भावासाठी कुंद्याचा डबा नेला होता, तो आईने मोतद्दाराच्या हातात दिला. भावाला अजून हे कळलेले नाही, आता वाचल्यावर कळेल. घोड्यासाठी मात्र तिने वेगळे आणले होते, पदरात बांधलेला गुळाचा खडा. साहेबांना विचारले, चालेल का? त्यांनी मान हलवली, लहानसा असू दे म्हणाले. घोड्याला खाऊ द्यायचा तर तळहात सपाट ठेवायचा असतो, बोटे वळवलेली असली तर तो चुकून चावतो. भाचीने आजीचा हात धरून सपाट करून दाखवला. घोड्याने मान बाहेर काढली. एवढे मोठे तोंड जवळ आले तशी आईची बोटे वळायला लागली, हात थरथरला, आणि ती मागे सरकली.

भाचीने तो हात परत पुढे धरला आणि तिच्या कानाशी म्हणाली, "आजी, उसिरु बिडु."